घरी मराठी बंद करू का?

प्रश्न : आम्ही बडोद्यात वासणा रोडला राहतो. मुलगा तीन वर्षं आठ महिन्यांचा आहे. दिवसभर सासूबाईंजवळ असतो, घरात मराठीच. सोसायटीतली मुलं गुजराती. जूनपासून इंग्रजी माध्यमाच्या नर्सरीत जातो. तिथे जवळजवळ गप्प असतो आणि घरी तिन्ही भाषा एकत्र करतो. काल म्हणाला, "आजी, मला पेली रेड गाडी जोईए छे." शाळेतल्या बाईंनी सांगितलं, "मुलाचा गोंधळ होतोय. वर्षभर मराठी बंद ठेवा, घरी सगळ्यांनी इंग्रजीच बोला." यांना ते पटलंय. सासूबाई तेव्हापासून नातवाशी फारसं बोलतच नाहीत. पहिलीच्या प्रवेशाच्या वेळी इंग्रजी आलं नाही तर, ही भीती आहेच. शिवाय मुलगा असून तो 'मी जाते, मी खाते' म्हणतो. काय करू?

उत्तर : ताई, मराठी बंद करू नका. हे आधी सांगून टाकते, कारण पत्रातल्या सासूबाईंच्या त्या एका वाक्याने मला बाकी सगळ्यापेक्षा जास्त काळजी वाटली. जी बाई दिवसाचे सात-आठ तास मुलाशी बोलत होती, ती गप्प झाली आहे. मुलाचं नुकसान सुरू झालंय ते तिथे. गाडी 'पेली' की 'ती' यात नाही.

मी तीस वर्षांहून जास्त काळ याच शहरात लहान मुलांच्या बोलण्यावर काम करते. वाचा-उपचार हे त्याचं भारदस्त नाव. रावपुऱ्यातले माझे जुने लोक मला नुसतं 'स्पीचवाल्या बाई' म्हणतात. तुमच्यासारखं पत्र दर जून-जुलैत, शाळा सुरू झाली की येतंच. त्यात नेहमी दोन प्रश्न एकमेकांत गुंतलेले असतात. मुलाचं बोलणं खरंच मागे आहे का, हा एक. आणि घरी कोणती भाषा बोलावी, हा दुसरा. शाळेतल्या बाईंनी पहिला प्रश्न न तपासताच दुसऱ्याचं उत्तर देऊन टाकलं. त्यांना फार दोष देत नाही. पंचवीस-तीस मुलांच्या वर्गात एक मूल बोलत नाही एवढंच त्यांना दिसतं. ते घरी काय बोलतं हे दिसण्याची सोयच नाही.

तर पहिला प्रश्न. बोलणं मागे आहे का, हे बघताना सगळ्या भाषा मिळून बघायच्या असतात. समजा, दोन वर्षांच्या मुलाजवळ तीस शब्द मराठी आहेत, वीस गुजराती आणि दहा इंग्रजी. त्याचे साठ शब्द झाले आणि ते वयाला पुरेसे आहेत. इंग्रजी शाळेला मात्र त्यातले दहाच ऐकू येतात. साधारण अंदाज असा: दोनाच्या आसपास पन्नासेक शब्द आणि दोन शब्दांची जोडणी ('बाबा गेला', 'दूध नको'), तिसऱ्या वर्षी तीन-तीन शब्दांची वाक्यं, आणि चारापर्यंत परक्या माणसालाही त्याचं बोलणं बहुतेक कळावं. ही वाक्यं कुठल्या भाषेत हा मुद्दाच नाही. तुमच्या मुलाचं मला एकच वाक्य माहीत आहे, पण ते भरपूर सांगून जातं.

ते वाक्य परत वाचा. 'मला पेली रेड गाडी जोईए छे.' मराठीत 'मला पाहिजे', गुजरातीत 'मने जोईए छे'. दोन्हीकडे ज्याला हवं त्याला 'ला'सारखा प्रत्यय लागतो, 'मी' किंवा 'हुं' चालत नाही. मुलाने मराठी 'मला' आणि गुजराती 'जोईए' यांचा सांधा नेमका तिथे बसवलाय जिथे दोन्ही भाषांचं व्याकरण जुळतं. 'गाडी' स्त्रीलिंगी म्हणून 'पेलो' नाही, 'पेलुं' नाही, 'पेली'. मधल्या 'रेड'ला लिंगाची भानगड नाही, तेही बरोबर जागेवर. गोंधळलेलं मूल असं बोलत नाही ताई. दोन भाषांचे नियम ज्याच्या डोक्यात नीट बसलेत तेच असं बोलू शकतं. आपण मोठे काय वेगळं करतो? 'आज शाळेला रजा आहे' असं बडोद्याचा मराठी माणूस सर्रास म्हणतो. पुण्याच्या पाहुण्याला वाटतं, शाळेने रजेचा अर्ज केला की काय. आणि अख्खं गुजराती बडोदं सकाळ-संध्याकाळ जी शेवउसळ खातं, त्यातल्या उसळीला कुणी अजून भेसळ म्हटलेलं नाही.

मुलं भाषा माणसागणिक वेगळ्या ठेवतात, हेही एकदा बघून घ्या. शेजारच्या बाईंना तो 'बा' म्हणतो आणि घरी 'आजी', हो ना? वॉचमनशी एक भाषा, तुमच्याशी दुसरी? मिसळ तो तिथेच करतो जिथे समोरच्याला तिन्ही कळतात हे त्याला ठाऊक असतं. म्हणजे घरात.

काही चुका मात्र शेजारच्या भाषेमुळे होतात आणि पालक घाबरतात. 'काल मी बागेत जाणार' असं मूल म्हणालं की आई म्हणते, याला वेळच कळत नाही. अहो, गुजरातीत 'काले' म्हणजे काल पण आणि उद्या पण. फरक करायचाच असेल तर 'गई काले' आणि 'आवती काले'. तसंच 'चमचा' आणि 'चांगला' यांतला च. मराठीत दोन च आहेत, चमच्यातला वेगळा आणि चहातला वेगळा. गुजरातीत चहातलाच तेवढा. इथल्या मुलांचा चमचा चहातल्या चने सुरू झाला तर तो वाचादोष नव्हे. आजी दहादा 'चमचा' म्हणेल, तो ऐकेल, येईल. 'र' यायला तर पुष्कळ मुलांना पाच-सहा वर्षंही लागतात.

एवढं सांगूनही एक तपासणी मी तुम्हाला करायला लावणार आहे, आणि ती कानांची. घरी बोलतो, वर्गात गप्प, हे ऐकलं की मला भाषेच्या आधी कान आठवतो. पावसाळ्यात मुलांना सर्दी होते, सर्दी उतरते, पण मधल्या कानात पाणी साचून राहतं. दुखत नाही, ताप नसतो, कुणाला पत्ता लागत नाही. कानात बोटं घालून ऐकल्यासारखं मुलाला ऐकू येतं. शांत घरात, आजीच्या मांडीजवळ, ते पुरतं. पंख्यांचा आवाज, तीस मुलांचा गलका आणि फळ्याकडे तोंड केलेल्या बाई असल्या की पुरत नाही. मग मूल गप्प बसतं आणि आपण त्याला भाषेचा गोंधळ म्हणतो. मागून टाळी वाजवली की वळतो, ही तपासणी नव्हे. एवढी मोठी टाळी अशा कानालाही ऐकू येते.

कान-नाक-घसा तज्ज्ञाकडे जा, कानाच्या पडद्यामागचा दाब मोजायची तपासणी करून घ्या (टिम्पॅनोमेट्री म्हणतात, दोन मिनिटांचं काम, सुई नाही) आणि ऑडिओमेट्री. या वयाच्या मुलाची ऑडिओमेट्री खेळातच करतात: आवाज आला की ठोकळा डब्यात टाक. खर्चाची अडचण असेल तर सयाजी रुग्णालयात हा विभाग आहे. शिवाय राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रम २०१३ पासून चालू आहे. जन्मापासून १८ वर्षांपर्यंतच्या मुलांची त्यात तपासणी होते आणि ऐकण्याच्या व बोलण्याच्या अडचणी त्यात येतात. अंगणवाडीत किंवा जवळच्या आरोग्य केंद्रात विचारलं तर वाट दाखवतात.

कान चांगले निघाले तर वर्गातल्या गप्पपणाचा अर्थ बहुधा साधा असतो. नव्या भाषेत पडलेलं मूल आधी ऐकतं. काही आठवडे, कधी काही महिनेसुद्धा. मीही चेन्नईला सहा महिने शिकायला होते तेव्हा पहिला महिनाभर भाजीवाल्याशी बोटांनीच बोलत असे, आणि माझं वय तेव्हा बावीस होतं. मूल गप्प असताना काय करतं ते बघा. नाव पुकारल्यावर उठतं का? बाकीच्यांचं बघून रांगेत उभं राहतं का? घरी येऊन उशांना ओळीत बसवून बाईंची नक्कल करतं का? केलं तर शिक्षण जोरात चालू आहे असं समजा.

वाट बघू नये, असंही काही असतं, तेही सांगते. कुठल्याच भाषेत तीन शब्दांचं वाक्य होत नसेल. 'पिशवीतून डबा काढ आणि आजीला दे' एवढं मराठीतही कळत नसेल. हाक मारल्यावर बघत नसेल, हवी ती वस्तू बोटाने दाखवत नसेल, खोटाखोटा स्वयंपाक किंवा गाडीगाडी असे खेळ खेळत नसेल. किंवा येत असलेले शब्द गेले असतील. यातलं एकही असेल तर शाळा, भाषा, माध्यम सगळं बाजूला ठेवून बालरोगतज्ज्ञांना भेटा, याच आठवड्यात. तेव्हासुद्धा मराठी बंद करायची नाही. ज्या मुलांना खरोखर वाचाविलंब असतो त्यांनाही दोन भाषा शिकता येतात. एक काढून घेतल्याने दुसरी वेगाने येत नाही.

हे मी आज एवढ्या ठामपणे म्हणते, पण सुरुवातीच्या वर्षांत मी स्वतः उलटा सल्ला दिलाय. तेव्हा आम्हाला तसंच शिकवलं जायचं: मूल उशिरा बोलतंय, घरात दोन-तीन भाषा आहेत, तर एक निवडा. मांजलपूरचं एक कुटुंब होतं. आजी जळगावकडच्या, घरी अहिराणी आणि मराठी. मी सांगितलं, इंग्रजी निवडा, शाळा इंग्रजी आहे. आई-वडिलांना इंग्रजी यायचं ते ऑफिसपुरतं. 'कम हिअर', 'डोन्ट टच', 'ईट फास्ट'. या तीन वाक्यांत मूल काय शिकणार? मराठीत याच बाई मुलाला रागवताना दहा म्हणी वापरायच्या. आजींना तर बोलायलाच बंदी. त्या बिस्किट पुढे करायच्या आणि डोक्यावर हात फिरवायच्या. मुलगा चार-साडेचारला बोलू लागला, तसा तो एरवीही लागलाच असता. मला शाबासकी मिळाली. बारा-तेरा वर्षांनी त्याची आई वाटेत भेटली. आजी आजारी होत्या, अंथरुणाला खिळलेल्या. मुलगा त्यांच्याजवळ बसायचा आणि आईला विचारायचा, "व्हॉट इज शी सेइंग?" त्या घरच्यांनी मला कधी बोल लावला नाही. पण त्यानंतर 'एक निवडा' हे वाक्य माझ्या तोंडून निघालेलं नाही.

मुद्दा तोच आहे, ताई. मुलाशी त्या भाषेत बोलावं जिच्यात तुम्हाला लांब वाक्यं येतात. जिच्यात तुम्ही थट्टा करू शकता, खोटं खोटं रागवू शकता, 'का?' या प्रश्नाला पाच वेळा पाच वेगवेगळी उत्तरं देऊ शकता. तुमच्या यांचं इंग्रजी खरोखर असं असेल, तर त्यांनी जरूर बोलावं. नसेल तर तोडक्यामोडक्या इंग्रजीपेक्षा भरघोस मराठीच मुलाला पुढे इंग्रजीत उपयोगी पडते. 'वितळणं' म्हणजे काय हे ज्याला तुपावरून कळलंय, त्याला 'मेल्ट' हा फक्त नवा शब्द शिकायचा असतो. ज्याला दोन्ही नाहीत त्याला कल्पनाही शिकायची आणि शब्दही.

आता घरी काय करायचं. सासूबाईंपासून सुरू करा. आज संध्याकाळी तुम्ही दोघांनी जाऊन सांगा की डॉक्टरबाईंनी, म्हणजे मी, सांगितलंय की मुलाला मराठी तुम्हीच शिकवायची आहे आणि ते औषध आहे. ('औषध' हा शब्द वापरा. सासवांच्या पिढीला तो पटतो.) त्यांनी वेगळं काही करायचं नाही. मटार सोलताना, वाती वळताना, देवापुढची फुलं निवडताना हातातल्या कामाबद्दल बोलत राहायचं. 'ही शेंग बघ पोचट निघाली, दाणेच नाहीत.' 'पोचट' हा शब्द कुठल्याही नर्सरीत मिळणार नाही.

तो मिसळून बोलला की टोकू नका, 'नीट मराठीत बोल' म्हणू नका. त्याचंच वाक्य आपल्या भाषेत पूर्ण करून परत द्या. तो म्हणेल, 'पेली रेड गाडी जोईए छे.' तुम्ही म्हणा, 'ती लाल गाडी पाहिजे? कपाटावरची? थांब, काढून देते.' त्याला गाडी मिळाली, वाक्यही मिळालं. परीक्षा घ्यायची सवय मात्र सोडा. 'हा कुठला कलर? काऊ कसा बोलतो? काकांना पोएम म्हणून दाखव.' पाहुण्यांसमोर मुलाला उभं करून इंग्रजी म्हणवून घेणं हा बडोद्यातच नव्हे, सगळीकडच्याच मराठी घरांतला छळ आहे आणि गप्प बसणाऱ्या मुलाला तो आणखी गप्प करतो. प्रश्न विचारलात तर उत्तरासाठी थांबा. मनात दहा आकडे मोजा. आपण तीनवर बोलून टाकतो.

मोबाईलवरच्या इंग्रजी कार्टूनने इंग्रजी येईल, असं यांना वाटत असेल. जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ मध्ये दोन ते चार वर्षांच्या मुलांसाठी पडद्याची मर्यादा सांगितली ती दिवसाला जास्तीत जास्त एक तास, आणि कमी असेल तर उत्तमच. कार्टून मुलाचं ऐकून घेत नाही. संवादाचा अर्धा भाग तिथे नसतोच.

शाळेशी भांडू नका, त्यांना काम द्या. बाईंना एक कागद नेऊन द्या: मूल घरी काय काय बोलतं, पाच-सहा वाक्यं जशीच्या तशी, आणि कानाच्या तपासणीचा अहवाल. त्याला पुढे, बाईंच्या जवळ बसवायला सांगा. वर्गात निभावायला लागतात तेवढी चार वाक्यं घरी खेळात शिकवा: पाणी हवंय, शूला जायचंय, मला पण दे, दुखतंय. इंग्रजीतच शिकवा, त्यात काही कमीपणा नाही. इंग्रजी नको असं मी कुठे म्हणतेय? शाळा ते शिकवेल, त्यासाठीच फी भरताय. घरातली मराठी मात्र शाळा शिकवणार नाही.

पहिलीची भीती तर सोडूनच द्या. गुजरातमध्ये पहिलीत जायला १ जूनला सहा वर्षं पूर्ण लागतात. तुमच्या हातात दोन वर्षांहून जास्त वेळ आहे. शिक्षण हक्क कायदा २००९ च्या कलम १३ प्रमाणे प्रवेशासाठी मुलाची किंवा पालकांची चाचणी घ्यायलाच मनाई आहे, आणि मोडल्यास दंड आहे. त्याच कायद्यात शक्य तिथवर मातृभाषेतून शिकवावं असंही म्हटलंय, आणि २०२० च्या राष्ट्रीय धोरणात निदान पाचवीपर्यंत घरच्या भाषेचा आग्रह आहे. बडोद्यात आज मराठी माध्यमाची चालू शाळा शोधत फिरायची वेळ येते, तेव्हा हे कागदावर वाचून मला जरा हसूच येतं. दुसरीकडे २०२३ च्या कायद्याने गुजरातमधल्या सगळ्या शाळांत पहिली ते आठवी गुजराती सक्तीची झाली आहे. म्हणजे सोसायटीत फुकट मिळणारी ती भाषा त्याला पुढे गुणही देणार आहे. लिहिण्या-वाचण्याची घाई आत्ता नको. शाळेत हिंदी आली की देवनागरी येईल, आणि मग मराठी वाचायला फक्त 'ळ' आणि सराव लागतो.

एक गोष्ट यांना सांगा, कारण ती याच गावची आहे. नाशिककडच्या कवळाण्याचा गोपाळ नावाचा मुलगा १८७५ मध्ये दत्तक म्हणून बडोद्याच्या राजवाड्यात आला तेव्हा बारा वर्षांचा होता आणि त्याला लिहिता-वाचता येत नव्हतं. मराठी, गुजराती, उर्दू आणि इंग्रजी अशा चार भाषा त्याला शिकवल्या गेल्या. त्याची मराठी बंद ठेवावी असं कुणाला सुचलं नाही. पुढे त्याच सयाजीरावांनी १९०६ मध्ये सबंध संस्थानात प्राथमिक शिक्षण सक्तीचं आणि मोफत केलं.

राहिलं 'मी जाते'. यात आजार काही नाही, ही तुमच्या घराची हजेरी आहे. दिवसभर तो दोघा बायकांचं ऐकतो. आजी म्हणते 'मी येते', आई म्हणते 'मी जाते', तो तेच म्हणतो. गुजरातीतून मदत नाही, कारण तिथे 'हुं जाउं छुं' मुलगाही म्हणतो आणि मुलगीही. 'मी जातो' म्हणणारा माणूस घरी साडेआठला येतो आणि मग फोनवर असतो. म्हणून याचा इलाज तुमच्याकडे नाही, यांच्याकडे आहे. रविवारी सकाळी बाप-लेकाने कमाटीबागेत जावं, आणि जाण्याआधीपासूनच यांनी मोठ्याने बोलत राहावं: मी बूट घालतो, मी किल्ली घेतो, मी स्कूटर काढतो, तू काय करतोस? चुकला तर दुरुस्त करू नये, पुढचं वाक्य बोलावं. चार-पाच रविवार झाले की मला कळवा. कानाचा अहवाल मात्र त्याआधी हवा.